शारजाहचा दिरहम अमळनेरच्या खिडकीवर : एका पैसे-केंद्राचा पाच वर्षांचा अनुभव

माझा धाकटा भाऊ २०१९ च्या अखेरीस एसी मेकॅनिक म्हणून संयुक्त अरब अमिरातीतील शारजाहला गेला. तेव्हापासून दर महिन्याला तो तिकडच्या एक्स्चेंजमधून, म्हणजे चलन बदलून पैसे पाठवणाऱ्या कंपनीतून, जे पैसे टाकतो, ते माझी भावजय अमळनेरच्या बाजारपेठेतील एका केंद्रातून उचलते आणि बहुतेक वेळा मी तिच्यासोबत असतो. मी कनिष्ठ महाविद्यालयात अर्थशास्त्र शिकवतो. आंतरराष्ट्रीय व्यापार, व्यवहारतोल, भांडवलाची ये-जा ही प्रकरणे वर्षानुवर्षे फळ्यावर मांडत आलो आहे, आणि तीच प्रकरणे या केंद्राच्या बाकावर बसून मला नव्याने कळली. आपल्या भागातील बऱ्याच घरांना आता अशा केंद्राची पायरी चढावी लागते, म्हणून हा अनुभव सविस्तर लिहीत आहे. केंद्राचे नाव लिहीत नाही, कारण काही तक्रारी आहेत आणि त्या बहुधा एकट्या याच केंद्राच्या नसाव्यात.

केंद्र म्हणजे दोन टेबलांचा गाळा आहे. रेल्वेचे आरक्षण, पॅन कार्डाचे अर्ज, विजेची बिले ही कामेही तेथेच चालतात आणि परदेशी पैशांसाठी आतल्या बाजूला काचेची स्वतंत्र खिडकी आहे. सकाळी दहा ते संध्याकाळी सात अशी वेळ असून ती पाळली जाते. वीज गेली तरी इन्व्हर्टरवर काम चालू राहते, आणि भारनियमन अनुभवलेल्या माणसाला याचे मोल वेगळे सांगायला नको. पाठवणाऱ्याने फोनवर कळवलेला कोड नंबर, आधार कार्ड आणि त्याची छायाप्रत एवढे नेले की अर्ज भरून सही करायची, खिडकीतील ताई नोटा यंत्रावर मोजतात आणि पुन्हा एकदा आपल्यासमोर हाताने मोजतात. पहिल्या खेपेला आम्हाला पाऊण तास लागला होता, आता दहा-बारा मिनिटांत काम होते. खिडकीतील ताई अहिराणीत बोलतात, ज्यांना अर्ज भरता येत नाही त्यांचा अर्ज स्वतः भरून देतात आणि भरलेला मजकूर वाचूनही दाखवतात. केंद्राचा हा सर्वांत मोठा गुण आहे.

नियमांच्या बाबतीतही केंद्र चोख आहे. रिझर्व्ह बँकेच्या ज्या योजनेखाली हे काम चालते तिच्यात एका वेळी जास्तीत जास्त २,५०० डॉलर आणि एका व्यक्तीला कॅलेंडर वर्षात जास्तीत जास्त ३० वेळा, अशी मर्यादा आहे. ५०,००० रुपयांपर्यंतची रक्कम रोख मिळते, त्यापुढची बँक खात्यातून घ्यावी लागते. हे पैसे घरखर्चासाठीच येऊ शकतात, व्यापाराची देणी या मार्गाने चुकवता येत नाहीत. ही माहिती केंद्रातील लोक विचारल्यावर नीट सांगतात. उचलणाऱ्याकडून एक रुपयाही घ्यायचा नसतो आणि येथे तो घेतलाही जात नाही. जिल्ह्याच्या दुसऱ्या एका गावात, अशाच एका ठिकाणी, माझ्या भावजयीकडून एकदा ‘प्रोसेसिंग’ म्हणून शंभर रुपये मागितले गेले होते आणि तिने ते घाबरून दिलेही होते. त्यामुळे हा मुद्दा मुद्दाम नोंदवतो : पैसे घेताना काहीही द्यावे लागत नाही.

खरा खर्च पाठवणाऱ्याच्या बाजूला होतो आणि तो दिसत नाही. २०२४ च्या दिवाळीआधीच्या आठवड्यात भावाने २,००० दिरहम टाकले. आम्हाला मिळालेल्या पावतीवर ४५,१०० रुपये एवढाच आकडा होता. भावाने आपल्या पावतीचा फोटो व्हॉट्सअॅपवर पाठवला होता, तो मोबाइल आणि आमची पावती ओट्यावर शेजारी शेजारी ठेवून आम्ही दोघांनी हिशेब केला. अमिरातीचा दिरहम १९९७ पासून डॉलरला बांधलेला आहे, एक डॉलर म्हणजे ३.६७२५ दिरहम, त्यामुळे दिरहमचा बाजारभाव काढायला कोणाला विचारावे लागत नाही. त्या आठवड्यात डॉलर ८४ रुपयांच्या आसपास होता, म्हणजे दिरहमचा भाव २२ रुपये ८७ पैसे होता. भावाला लावलेला भाव मात्र २२ रुपये ५५ पैसे होता. दिरहममागे ३२ पैसे म्हणजे दोन हजारांमागे ६४० रुपये दराच्या फरकात गेले. त्याशिवाय एक्स्चेंजने २० दिरहम शुल्क वेगळे घेतले होते, त्याचे ४५७ रुपये झाले. एकूण १,०९७ रुपये, म्हणजे शेकडा जवळपास २.४. भावजय माझ्याकडे बघून म्हणाली, “अण्णा, बाकीना पैसा कथा गया?” (बाकीचे पैसे कुठे गेले?)

हा प्रश्न जागतिक पातळीवरही विचारला गेला आहे. परदेशी मजुराने घरी पैसे पाठवण्याचा खर्च २०३० पर्यंत शेकडा तीनच्या खाली आणावा, हे संयुक्त राष्ट्रांच्या शाश्वत विकास उद्दिष्टांत लिहिलेले आहे, आणि २०० डॉलर पाठवण्याचा जगभरचा सरासरी खर्च आजही शेकडा सहाच्या आसपास आहे. त्या मानाने आखाताहून भारतात येणारी वाट स्वस्त म्हणायला हवी, आणि तिच्या स्वस्त असण्याचे कारण लोकसंख्येतच आहे. अमिरातीत तीस लाखांहून अधिक भारतीय राहतात. एवढे लोक दर महिन्याला पैसे टाकणार म्हटल्यावर एक्स्चेंजच्या कंपन्यांत चढाओढ लागते आणि भाव उतरतो. जेथून थोडेच लोक पाठवतात तेथे हाच खर्च दुप्पट-तिप्पट होतो. तरीही मला शेकडा २.४ जास्तच वाटतात, कारण आमच्या गल्लीतील निम्म्या घरांची मुले सुरतेत आहेत, उधना-लिंबायतला राहून कापडाच्या कारखान्यांत काम करतात, आणि त्यांचे पैसे यूपीआयने क्षणात व फुकट घरी येतात. पूर्वी याच सुरतेहून मनीऑर्डर येई तेव्हा टपाल खाते शंभराला पाच रुपये कापून घेई. देशातील स्थलांतर करणाऱ्या मजुराचा हा खर्च आमच्या डोळ्यांदेखत शून्यावर आला. समुद्रापलीकडे गेलेल्या मजुराचा तो येणार नाही असे मानण्याचे कारण नाही : सिंगापूरशी यूपीआयची जोडणी २१ फेब्रुवारी २०२३ रोजी झाली आहे, आणि अमिरातीच्या मध्यवर्ती बँकेशी अशाच जोडणीचा करार त्याच वर्षी जुलैमध्ये झाला आहे.

केंद्राच्या बाकावर चार माणसे बसतात आणि महिन्याच्या पहिल्या आठवड्यात तेवढीच उभी असतात. या माणसांकडे पाहिले की लोकसंख्येचे गणित कळते. अमिरातीत तेल आणि पैसा होता, माणसे नव्हती. १९७३ नंतर तेलाचे भाव चढले, बांधकामे निघाली आणि हात बाहेरून आणावे लागले, म्हणून आज तेथील दर दहा रहिवाशांत जवळपास नऊ जण परदेशी आहेत. आपल्याकडे याउलट हात होते आणि काम अपुरे होते. भांडवलाने येथे यावे किंवा माणसाने तेथे जावे, असे दोनच मार्ग होते. भांडवल खानदेशात आले नाही, म्हणून माणूस गेला. आता त्याच्या पगाराच्या रूपाने भांडवल थोडे थोडे, दोन-दोन हजार दिरहमांनी येत आहे. २०२२ मध्ये परदेशस्थ भारतीयांनी घरी पाठवलेली रक्कम १११ अब्ज डॉलर होती आणि एका वर्षात १०० अब्जांचा टप्पा ओलांडणारा भारत हा पहिला देश ठरला. परदेशी कंपन्या कारखान्यांसाठी जी थेट गुंतवणूक आणतात तिच्यापेक्षा ही रक्कम मोठी आहे, आणि वस्तूंच्या व्यापारात आपल्याला जी तूट येते तिचा साधारण निम्मा भाग या पैशाने भरून निघतो. वर्गात हे वाक्य मी अनेकदा उच्चारले होते. ते बाकावरच्या माणसांच्या हातांतील कोड नंबरांनी मिळून बनते, हे मात्र येथे दिसले.

माणूस गेला की त्याच्यामागे मालही जातो. दोन वर्षांपूर्वी भावाने शारजाहच्या एका दुकानातून केळीच्या पेटीचा फोटो पाठवला. पेटीवर भारताचे नाव होते आणि फोटोखाली त्याने लिहिले होते, “आपली केळी आहेत का ही?” जळगावच्या केळीला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, आणि जून २०२१ मध्ये रावेर तालुक्यातील तांदलवाडीहून २२ टन मानांकित केळी दुबईला रवाना झाली. हिरवी केळी कापून, धुऊन, पेटीत भरून, तेरा-चौदा अंशांवर ठेवलेल्या कंटेनरमधून न्हावाशेवा बंदरातून जातात. तिकडे ती कोण खातो, याचा विचार आपण फारसा करत नाही. अरब खातात, इराणी खातात, आणि दुपारच्या सुट्टीत रोटीसोबत दोन केळी खाणारा आपला मजूरही खातो. ओळखीची चव मागणारी लाखो माणसे तेथे आधीच जाऊन राहिलेली असली की दुकानदार आपला माल ठेवायला तयार होतो, वाटाड्या व्यापारी तयार होतात, मग पुढे करार होतात. भारत आणि अमिरातीचा व्यापक व्यापार करार १ मे २०२२ रोजी लागू झाला, पण त्यासाठी लागणारी ओळख त्याआधीच्या पन्नास वर्षांत गेलेल्या माणसांनी करून ठेवली होती, असे माझे ठाम मत आहे.

रांगेत एक वृद्ध गृहस्थ नेहमी भेटतात, त्यांना सगळे बापू म्हणतात. त्यांची मुलगी जर्मनीत परिचारिका आहे. ती पैसे बँकेतच पाठवते, पण सणासुदीला आईला वेगळे म्हणून या खिडकीतून टाकते. जर्मनीला आपली परिचारिका का लागते, या प्रश्नाचे उत्तर जन्मदरात आहे. तेथे मुले कमी जन्मली आणि म्हातारी माणसे वाढली. जपानमध्ये तर दर दहांपैकी जवळपास तीन जण ६५ वर्षांवरचे आहेत. अशा देशांत एका पिढीने कमावत्या वयात साठवलेली बचत मोठी असते, पण ती लावायला नवे कारखाने, नवी घरे, नवे ग्राहक देशात उरत नाहीत, म्हणून ती बाहेर पडते. आपल्या उधन्याच्या गाडीने सुरतेकडे गेले की त्या बाजूने फक्त मालगाड्यांसाठीचा पश्चिम समर्पित मालवाहतूक मार्ग जातो. तो जपानच्या कर्जातून उभा राहिला आहे. थोडक्यात, म्हाताऱ्या देशातील भांडवल तरुण देशाकडे येते आणि तरुण देशातील माणूस म्हाताऱ्या देशाकडे जातो. बापूंच्या घरी ही दुसरी वाट आली आहे. महाराष्ट्र शासनाने फेब्रुवारी २०२४ मध्ये जर्मनीच्या बाडेन-वुर्टेमबर्ग राज्याशी कुशल मनुष्यबळाचा करार केला आहे, त्यामुळे या बाकावर आणखी बापू दिसू लागतील.

आता तक्रारीकडे येतो. २०२३ च्या जूनमध्ये, शाळा सुरू होण्याच्या तोंडावर, पैसे तीन दिवस अडकले. भावाने अर्जात भावजयीचे नाव आणि आडनाव एवढेच लिहिले होते, आधार कार्डावर मधले नावही होते, आणि आडनावाच्या इंग्रजी स्पेलिंगमध्ये एका अक्षराचा फरक होता. गैरव्यवहाराचा पैसा या वाटेने येऊ नये म्हणून नावे तंतोतंत जुळली पाहिजेत, हे मला मान्य आहे. पण पहिल्या दिवशी “सर्व्हर डाऊन आहे”, दुसऱ्या दिवशी “उद्या या”, आणि तिसऱ्या दिवशी “नाव जुळत नाही, पाठवणाऱ्याला दुरुस्ती करायला सांगा” असे सांगण्यात आले. खरे कारण पहिल्याच दिवशी सांगितले असते तर भावाने त्याच संध्याकाळी एक्स्चेंजवर जाऊन दुरुस्ती केली असती, कारण दुरुस्ती व्हायला शेवटी वीस मिनिटे पुरली. त्या तीन दिवसांत वह्या-पुस्तकांचे पैसे शेजारून उसने आणावे लागले. त्या वेळी खिडकीत नेहमीच्या ताई नव्हत्या, नवा मुलगा होता. चूक त्याच्या अनुभवाची होती हे खरे, पण मालकाने त्याला शिकवायला हवे होते. दुसरी तक्रार दराच्या फलकाची आहे. केंद्रात रेल्वेच्या वेळापत्रकाचा फलक आहे, पण दिरहम, रियाल, डॉलर यांचा त्या दिवशीचा भाव कोठेही लिहिलेला नसतो. भाव तिकडे ठरतो, आमच्या हातात काही नाही, असे मालक म्हणतात, आणि ते बरोबरही आहे. तरीही घेणाऱ्याला भाव दिसला तर तो पाठवणाऱ्याला फोनवर सांगू शकतो की दुसऱ्या एक्स्चेंजवर विचारून बघ. या दोन गोष्टींसाठी मी केंद्राला पाचपैकी एक गुण कमी देईन.

विश्वासाच्या बाबतीत मात्र मी हात आखडता घेणार नाही. एप्रिल २०२० मध्ये टाळेबंदी होती, भावाच्या कंपनीने तीन महिने अर्धाच पगार दिला, आणि जगभरात मजुरांचे घरी येणारे पैसे पाचव्या हिश्शाने घटतील असा अंदाज जागतिक बँकेने वर्तवला होता. प्रत्यक्षात भारतात त्या वर्षी ८३ अब्ज डॉलर आले, आदल्या वर्षीइतकेच. शेअर बाजारातील परदेशी पैसा संकट दिसताच पळतो, मजूर मात्र संकटात स्वतःचे पोट आवळून घरी पाठवतो. भावाने त्या तिन्ही महिन्यांत पैसे टाकले, आणि हे केंद्र सकाळी दोनच तास, दाराला दोरी बांधून, एकेकाला आत घेऊन चालू राहिले. ते बंद असते तर भावाने आवळलेल्या पोटाचा आम्हाला काही उपयोग नव्हता.

हा प्रवाह खरोखर तुटला म्हणजे काय होते, हे १९९० मध्ये देशाने पाहिले आहे. इराकने कुवेतवर आक्रमण केले, पावणेदोन लाखांच्या घरात भारतीयांना विमानांनी परत आणावे लागले, तिकडून येणारे पैसे थांबले, तेल महागले आणि अनिवासी भारतीयांनी बँकांतील ठेवी काढून घेतल्या. १९९१ मध्ये परकीय चलन इतके आटले की ४७ टन सोने इंग्लंड आणि जपानच्या मध्यवर्ती बँकांकडे तारण ठेवावे लागले. पुढे १९९८ मध्ये अणुचाचण्यांनंतर निर्बंध आले तेव्हा देशाने परदेशस्थ भारतीयांसाठी रोखे काढले आणि त्यांतून ४.२ अब्ज डॉलर उभे राहिले. स्थलांतरित माणसाची बचत देशाला बुडवूही शकते आणि तारूही शकते, हे सात-आठ वर्षांच्या अंतराने दिसले.

सोन्याचा विषय निघालाच आहे तर एक गोष्ट सांगितली पाहिजे. खिडकीतून पैसे घेऊन बाहेर पडणाऱ्या बायकांपैकी काही जणी थेट सराफाकडे जातात, आणि लग्न जवळ आले असेल तर जळगावला. त्यांना दोष देण्याचा माझा हेतू नाही, बँकेने आणि नवऱ्याच्या घराने दिलेल्यापेक्षा अधिक आधार बाईला सोन्यानेच दिला आहे. पण सोने आपल्याकडे पिकत नाही. ते आणायला डॉलर लागतात आणि २०२३-२४ मध्ये त्यासाठी देशाचे सुमारे ४५ अब्ज डॉलर गेले. भावाने उन्हात गच्चीवर एसी दुरुस्त करून मिळवलेले परकीय चलन असे सराफ बाजाराच्या वाटेने पुन्हा परदेशी जाते. अमळनेरकरांना वेगळे उदाहरण घरचेच ठाऊक आहे. २९ डिसेंबर १९४५ रोजी याच गावात वनस्पती तूप बनवणारी एक कंपनी स्थापन झाली, तिची पुढे विप्रो झाली, आणि ज्या घरांनी तिचे शेअर न विकता पिढ्यान्‌पिढ्या सांभाळले ती घरे त्यावर उभी राहिली. ती कंपनीही मोठी झाली ती परदेशी गेलेल्या अभियंत्यांच्या आणि परदेशी ग्राहकांच्या बळावर. भावजयीशी मी याविषयी बोललो, आणि २०२४ च्या दिवाळीपासून तिने दरमहा पाच हजार रुपये बाजूला काढायला सुरुवात केली आहे.

मग हे केंद्र वापरावे का? ज्यांना निकड आहे, ज्यांचे बँक खाते चालू स्थितीत नाही, किंवा ज्या घरात फक्त म्हातारी माणसे आहेत आणि मोबाइलवरचे व्यवहार जमत नाहीत, त्यांनी निःसंकोच वापरावे. पाठवणाऱ्याला आधारवरील पूर्ण नाव अक्षरशः तसेच लिहायला सांगावे, आणि पैसे टाकण्याआधी निदान दोन एक्स्चेंजचे भाव विचारायला सांगावे. जे दर महिन्याला नियमित पाठवतात त्यांनी अनिवासी खाते, ज्याला बँकेत एनआरई म्हणतात, ते उघडणे अधिक हिताचे आहे : त्यावरील व्याजाला भारतात प्राप्तिकर नाही, रक्कम लागली तर परत परदेशी नेता येते, आणि घरखर्चाचे पैसे तेथून घरच्या खात्यात फुकट वळवता येतात. भावाने जानेवारीत असे खाते उघडले. पहिल्या महिन्यात त्याला बँकेकडून मिळालेला भाव एक्स्चेंजपेक्षा दिरहममागे १८ पैशांनी चांगला होता आणि शुल्क लागले नाही.

तरी भावजयीने खिडकी पूर्ण सोडलेली नाही. तीन-चार महिन्यांतून एकदा, भाऊ ओव्हरटाइमचे थोडे पैसे वेगळे टाकतो तेव्हा, ती आधार कार्ड घेऊन जाते, खिडकीतील ताईंशी बोलते आणि नोटा मोजून घेते. मागच्या खेपेला मी मालकांना दराच्या फलकाविषयी पुन्हा विचारले, आणि त्यांनी रेल्वेच्या वेळापत्रकाखाली रिकामी असलेली जागा मला दाखवली.